लेऑन पोपेस्कू : एका चित्रपट-निर्मात्याची जमा आणि नावे

चित्रपट पाहून परतलेल्या माणसास नायकाचे नाव विचारावे, तो चटकन सांगतो. गाणाऱ्याचे सांगतो, क्वचित दिग्दर्शकाचेही सांगतो. परंतु त्या चित्रपटासाठी पैसा कोणाच्या तिजोरीतून निघाला आणि त्या पैशाची रोजकीर्द कोणी लिहिली, असे विचारले तर बहुधा उत्तर मिळत नाही. व्यापारी माणसाच्या मनात मात्र हाच प्रश्न प्रथम येतो. म्हणून या स्मरणिकेच्या वाचकांसाठी आम्ही अशाच एका पैसा पुरविणाऱ्या गृहस्थाची हकिकत निवडली आहे. देश रुमानिया, काळ १९११ ते १९१८, आणि गृहस्थाचे नाव लेऑन पोपेस्कू. आपल्याकडे हे नाव कोणाच्या कानावर आले असण्याचा संभव कमी. तथापि भागीदारी, भांडवल आणि श्रेय या तिन्ही गोष्टींचा जो गुंता त्यांच्या हातून झाला, तो समजण्यास रुमानियाची भाषा येण्याची गरज नाही.

प्रथम शब्दांचा थोडा खुलासा केला पाहिजे. चित्रपट-धंद्यात निर्माता आणि निर्मिती-व्यवस्थापक अशी दोन माणसे असतात. निर्माता हा धनी. भांडवल त्याचे, जोखीम त्याची, नफा झाला तर तोही त्याचा. निर्मिती-व्यवस्थापक हा कारभारी. उद्या सकाळी किती माणसे लागणार, किती घोडे, किती पोशाख, जेवणाची पंगत किती पानांची, गाड्या कोठून आणावयाच्या, आभाळ भरून आले तर दिवसाच्या खर्चाचे काय, ही सर्व विवंचना त्याच्या माथी. मोठ्या पेढीत धनी आणि मुनीम निराळे असतात तसेच हे. आपण ज्या काळाविषयी लिहीत आहोत त्या काळी रुमानियात या दोन कामांना धड नावेही पडली नव्हती. कामे मात्र होती, आणि ती कोणाला तरी करावी लागत होती.

रुमानिया हा डॅन्यूब नदी आणि काळा समुद्र यांच्या आश्रयाने वसलेला कृषिप्रधान देश. १९१२ च्या शिरगणतीत त्याची लोकसंख्या सुमारे ७२ लक्ष भरली. राजधानी बुखारेस्ट. तेथील वरिष्ठ वर्गाचा पॅरिसकडे इतका ओढा होता की शहरात फ्रेंच भाषेत एक दैनिक निघत असे. आणि याच 'लँदेपांदांस रुमेन' पत्राच्या दालनात २७ मे १८९६ रोजी रुमानियातील पहिला चलच्चित्रांचा खेळ झाला. आमच्या वाचकांना येथे मुंबईच्या वॉटसन हॉटेलची आठवण होईल. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंचा खेळ तेथे ७ जुलै १८९६ रोजी झाला. म्हणजे ही नवलाई बुखारेस्ट आणि मुंबई या दोन शहरांत एकाच उन्हाळ्यात, सहा आठवड्यांच्या आत पोहोचली. माल एका ठिकाणी तयार व्हावा आणि त्याच हंगामात साऱ्या जगाच्या बाजारात उतरावा, असे तोपर्यंत फार थोड्या मालाच्या बाबतीत घडले होते.

पुढील पंधरा वर्षे बुखारेस्टमध्ये पडद्यावर जे दिसले ते बहुतेक परदेशीच. गोमाँ आणि पाथे या दोन बलाढ्य फ्रेंच पेढ्यांच्या शाखा शहरात होत्या. त्यांचा व्यापार समजून घेतल्यावाचून पोपेस्कू यांची पुढील अवस्था समजणार नाही, म्हणून दोन शब्द लिहितो. चित्रपटाचा खरा खर्च पहिली प्रत तयार होईपर्यंतचा. त्यानंतरची प्रत काढण्यास फिल्म आणि रसायने एवढाच खर्च. फ्रेंच पेढी आपला मूळ खर्च आपल्या देशात आणि मोठ्या राष्ट्रांत वसूल करून घेई, आणि मग तीच वस्तू रुमानियासारख्या लहान बाजारात ज्या दराने जाईल त्या दराने देऊ शके. शिवाय १९०७ पासून पाथेने प्रती विकण्याऐवजी भाड्याने देण्याची पद्धत सुरू केली. त्यामुळे चित्रपटगृहाच्या मालकाला थोड्या पैशात दर आठवड्याला नवा माल मिळू लागला. अशा बाजारात स्थानिक माणसाने स्वतःचा चित्रपट काढणे म्हणजे मँचेस्टरच्या कापडासमोर एकच हातमाग घेऊन बसणे होय.

तरीही बसणारा एक तरुण निघाला. त्याचे नाव ग्रिगोरे ब्रेझ्यानू. वडील इयोन ब्रेझ्यानू हे रंगभूमीवरील नामांकित नट. मुलाचे वय १९११ साली विशीच्या आसपास. त्या वर्षाच्या सप्टेंबरात त्याने 'आमोर फाताल' नावाचा लहानसा चित्रपट काढला. रुमानियातील पहिला कथाचित्रपट म्हणून त्याचीच नोंद होते. छायाचित्रणाची यंत्रे परकी, अनुभव शून्य, आणि हाताशी नाटकातील नट. त्याला यश कितीसे आले याची चर्चा आम्ही करीत नाही. परंतु या प्रयत्नाने ब्रेझ्यानूच्या मनात एक मोठी कल्पना पक्की झाली. रुमानियाच्या स्वातंत्र्ययुद्धावर चित्रपट काढावयाचा.

या युद्धाचे त्या राष्ट्राच्या मनातील स्थान ध्यानात घेतले पाहिजे. रुमानिया तुर्की साम्राज्याचे मांडलिक होते. १८७७ च्या मे महिन्यात त्याने स्वातंत्र्य जाहीर केले आणि रशियाच्या बाजूने युद्धात उडी घेतली. बल्गेरियातील प्लेव्हना येथे तुर्की सेनापती उस्मान पाशा महिनोन् महिने वेढ्यास दाद न देता लढला. अखेर १८७७ च्या डिसेंबरात तो शरण आला. प्लेव्हनाभोवतीच्या संयुक्त फौजेचे आधिपत्य रुमानियाचे राजे कारोल पहिले यांच्याकडे होते. १९१२ साली हे राजेसाहेब हयात होते, त्याच बुखारेस्टमध्ये राज्य करीत होते, आणि त्या लढाईत जखमी झालेले म्हातारे शिपाई गावोगावी होते. ज्या घटनेचे साक्षीदार समोरच्या खुर्चीवर बसणार, ती पडद्यावर दाखविणे हे धाडसाचे काम.

ते किती धाडसाचे, हे दुसऱ्याच एका माणसाच्या अनुभवावरून आधी दिसून आले. गोमाँच्या बुखारेस्ट शाखेचे प्रमुख रेमों पेलरँ यांना हीच कल्पना सुचली होती, आणि त्यांनी ती तडकाफडकी अमलात आणली. एका लष्करी तळावरील सेनापतीकडून सैनिक मिळविले, दुय्यम दर्जाचे नट घेतले, काही आठवड्यांतच चित्रपट उरकला आणि १९११ च्या डिसेंबरअखेरीस तो दाखविण्याचे जाहीरही केले. खेळाच्या आधी राजधानीच्या पोलीसप्रमुखांनी तो पाहिला, इतिहासाशी तो जुळत नाही असा निर्णय दिला आणि चित्रपट जप्त केला. पेलरँ यांना देश सोडावा लागला. ज्या सेनापतीने शिपाई दिले होते त्याची बदली झाली. घाईने बाजारात आणलेला माल जकातीच्या नाक्यावरच अडावा तसा हा प्रकार. त्यातून सर्वांना एक गोष्ट उमगली. या विषयाला सरकारची संमती आणि राष्ट्रीय रंगभूमीची प्रतिष्ठा, दोन्ही पाहिजेत.

ब्रेझ्यानूजवळ यांपैकी दुसरी गोष्ट होती. कोन्स्तांतिन नोत्तारा, अरिस्तिदे देमेत्रियादे, पेत्रे लिचू, त्याचे स्वतःचे वडील, असे त्या काळचे पहिल्या प्रतीचे नट त्याच्या बाजूस उभे राहिले आणि सर्वांनी मिळून एक मंडळी स्थापन केली. पहिलीही गोष्ट लवकरच मिळाली; सरकारने लष्कर, शस्त्रे, सामग्री आणि सल्ला देण्यास लष्करी अधिकारी, असे सर्व काही उपलब्ध करून दिले. उणीव एकाच गोष्टीची राहिली, आणि ती कोणती हे आमच्या वाचकांस सांगावयास नको. नटांच्या मंडळीजवळ कीर्ती होती, रोकड नव्हती.

येथे लेऑन पोपेस्कू या कथेत प्रवेश करतात. ते धनाढ्य होते आणि बुखारेस्टच्या लिरिक नाट्यगृहाचे मालक होते. नाटकाच्या धंद्यातील माणूस चित्रपटाकडे वळला यात नवल नाही. नाट्यगृहाचा मालक रोज पाहतो की नट एका रात्री एकाच रंगमंचावर उभा राहू शकतो, तर चित्रपटातील तोच नट एकाच रात्री दहा गावांत दिसू शकतो. कलेची चाड त्यांना किती होती आणि नफ्याची ओढ किती, याची वाटणी आज कोणी करू नये. स्वतःचा पैसा अशा कामात घातला की ज्याचा नमुनादेखील देशात नव्हता, एवढे त्यांच्या खाती जमा केलेच पाहिजे. तारण म्हणून त्यांच्यापुढे काय होते? वीस-एकवीस वर्षांच्या पोराची उमेद आणि नटांचा शब्द.

१९१२ च्या उन्हाळ्याच्या सुमारास काम चालले. छायाचित्रणाची यंत्रे आणि ती चालविणारे कारागीर परदेशातून आणले होते. प्रती पॅरिसच्या प्रयोगशाळेत तयार व्हावयाच्या होत्या. धंद्याच्या दृष्टीने याचा अर्थ असा की माल हातात येण्यापूर्वीच कारागिराची मजुरी, वाहतूक आणि परक्या प्रयोगशाळेचे बिल चढत जाणार. उघड्या मैदानात सूर्य हाच दिवा. तो ढगाआड गेला की हजारो माणसे हातावर हात ठेवून बसणार. चित्रपट सुमारे दोन तासांचा झाला. सेकंदास सोळा चौकटी या तेव्हाच्या सर्वसाधारण गतीने हिशेब केला तर दोन तासांस सात हजार फुटांहून अधिक फिल्म लागते. ज्या काळी दहा-पंधरा मिनिटांचा चित्रपट हाच सर्वत्र नेमाचा माल होता, त्या काळी दोन तासांचा चित्रपट काढणारे देश जगात बोटांवर मोजण्याइतके होते. अमेरिकेचा 'बर्थ ऑफ अ नेशन' यानंतर तीन वर्षांनी, १९१५ साली आला.

आणि माणसे? या चित्रपटात ८०,००० सैनिकांनी भाग घेतला असा आकडा रुमानियन इतिहासात दिला जातो. प्लेव्हनाभोवती खरोखर लढलेल्या रुमानियन फौजेपेक्षा हा आकडा मोठा आहे! नोत्तारा यांनी उस्मान पाशाची भूमिका केली. देमेत्रियादे राजे कारोल झाले. मोठ्या नटांच्या शेजारी खरे शिपाई उभे केले म्हणजे जे व्हावयाचे तेच झाले. सेनापतींना आपणच दिग्दर्शक आहोत असे वाटू लागले आणि शिपायांना हसू आवरेना. रणधुमाळीच्या ऐन प्रसंगी काही चेहऱ्यांवर स्मित दिसते असे समीक्षकांनी नोंदविले आहे. आम्हांस मात्र यात त्या शिपायांचा दोष दिसत नाही. पस्तीस वर्षांपूर्वी त्यांच्या बापांवर याच लढाईत गोळ्या आल्या; यांच्यावर कॅमेरा रोखला होता. हसू यावयाचेच.

आता हिशेबाकडे वळू, कारण या सर्व प्रकरणाचे मर्म तेथे आहे. या चित्रपटाची सर्वांत मोठी खर्चाची बाब कोणती? अर्थात हजारोंची फौज, तिचा शिधा, तिचे घोडे, तोफा, दारूगोळा आणि गणवेश. ही बाब पोपेस्कू यांच्या वहीत लिहिलीच गेली नाही. ती सरकारच्या खात्यावर पडली. कथेचा कारखाना म्हणजे इतिहास, तो फुकट. नट राष्ट्रीय रंगभूमीचे, त्यांना केवळ मजुरीने बांधलेले नव्हते, ते या कामातील मंडळी होते. प्रसिद्धीचाही भार हलका, कारण प्रत्येक घरात त्या युद्धाची आठवण होती. म्हणजे धन्याने जेवढे भांडवल घातले, त्याच्या कित्येक पट भांडवल राष्ट्राने, इतिहासाने आणि कलावंतांनी न बोलता घातले होते. खतावणीत ज्या रकमा दिसत नाहीत त्यांचा व्यापाऱ्याला विसर पडतो, आणि पुढचा सौदा तो त्यांच्यावाचून करावयास जातो.

१९१२ च्या सप्टेंबरच्या प्रारंभी बुखारेस्टच्या एफोरिए चित्रपटगृहात, जे शहरात सर्वांत मोठे होते, 'इंदेपेंदेंत्सा रोम्निएइ' म्हणजे 'रुमानियाचे स्वातंत्र्य' हा चित्रपट दाखविण्यात आला. लोकांची झुंबड उडाली. कित्येक आठवडे खेळ चालले. पेत्रे लिचू यांना हे पाहावयास मिळाले नाही; ते त्याच वर्षी वारले होते. योगायोग असा की महिनाभरातच, ऑक्टोबरात, शेजारच्या बाल्कन राष्ट्रांनी तुर्कस्थानाविरुद्ध युद्ध पुकारले. पडद्यावर तुर्कांशी जी लढाई लोक पाहत होते तिची बातमी आता वर्तमानपत्रात येत होती.

असे घवघवीत यश मिळाल्यावर मंडळी अधिक घट्ट व्हावी अशी कोणाचीही अपेक्षा. झाले उलटे. पोपेस्कू यांनी इतर भागीदारांना एकेक करून बाजूस सारले आणि १९१३ साली आपल्या एकट्याच्या नावाने 'लेऑन पोपेस्कू कलाचित्र' ही संस्था काढली. धंद्यात असे घडतच नाही असे म्हणण्याचे धाष्टर्य आम्ही करणार नाही. आपल्या बाजारपेठांतून किती पाट्या बदललेल्या आम्ही पाहिल्या! नफा होईपर्यंत चौघांची पेढी, नफा झाल्यावर एकाची. पैसा ज्याचा त्याला वाटते की काम आपल्या पैशाने झाले. कल्पना ज्याची त्याला वाटते की काम आपल्या डोक्याने झाले. आणि दोघांचेही म्हणणे खरे असते, म्हणूनच तंटा मिटत नाही. तोटा वाटून घेण्याचे करार माणसे बारकाईने लिहितात. यश वाटून घेण्याचा करार मात्र बहुधा कोणी लिहीत नाही.

ब्रेझ्यानू यांच्या मनाची स्थिती त्यांनीच सांगून ठेवली आहे. १९१३ च्या एप्रिलात 'रांपा' या नियतकालिकात त्यांची मुलाखत आली. मोठा चित्रपट-कारखाना उभारण्याचे आपले स्वप्न होते, परंतु ते शक्य नाही असे आता वाटू लागले आहे, अशा आशयाचे ते बोलले. कारण काय? भांडवल नाही, आणि भांडवलावाचून परदेशी कारखान्यांशी टक्कर देता येत नाही. देशातील धनिकांना शेती आणि आगगाडी कळते. चित्रपट-कारखाना ही वस्तू त्यांच्या दृष्टीत बसत नाही, असाही टोमणा त्यांनी मारला. स्वप्न सोडून देत असल्याचे दुःख त्यांनी लपविले नाही. ही तक्रार वाचताना आम्हांस एका गोष्टीचे वाईट वाटते. या तरुणाला धनिक मिळाला नव्हता असे नाही. मिळाला होता, यशही मिळाले होते, आणि त्या यशानेच दोघांची फारकत केली. कारभारी वर्षाच्या आत रिकाम्या हाताने बाहेर पडला.

धनी आत राहिला. आता त्याची कसोटी होती. पाथेच्या बुखारेस्ट शाखेने स्थानिक कथांवर चित्रपट काढण्यास आरंभ केला होता, आणि पोपेस्कू यांना त्यास उत्तर द्यावयाचे होते. त्यांनी विख्यात नटी मारिओआरा व्हॉइकुलेस्कू यांच्या नाटकमंडळीशी संधान बांधले. या मंडळीत इयोन मानोलेस्कू, राडोव्हिची, स्टोरिन असे गुणी नट होते. तेव्हा माणसांची निवड चुकली असे म्हणता येणार नाही. १९१३ आणि १९१४ या दोन वर्षांत एकामागून एक चित्रपट निघाले : 'राजकन्येचे प्रेम', 'सूड', 'दैवी कोप', 'न्यामत्सचा किल्ला', 'हेर'. नावांवरूनच माल ओळखू येतो. प्रेम, सूड, कोप हे पाथे आणि गोमाँच्या वखारीत वर्षानुवर्षे भरलेले सामान. तेच सामान त्यांच्याहून थोड्या भांडवलात आणि थोड्या अनुभवाने तयार करून त्यांच्याशीच स्पर्धा करावयाची! टीकाकारांनी झोडपले, प्रेक्षकांनी पाठ फिरविली. अपवाद एकच, 'न्यामत्सचा किल्ला'. मोल्दावियाच्या एका डोंगरी किल्ल्यात मूठभर शिबंदीने पोलंडचा राजा सोबिएस्की याला थोपवून धरले, ही रुमानियातील मुलामुलांना ठाऊक असलेली कथा. कवी व्हासिले आलेक्सांद्री यांनी तिच्यावर नाटक लिहिले होते. हा चित्रपट चालला. म्हणजे जे परक्या पेढीच्या वखारीत मिळत नव्हते ते दिले तेव्हा गिऱ्हाईक आले.

पोपेस्कू यांनी हा इशारा ओळखला होता की नव्हता, याचा निवाडा करण्यास काळाने अवधी दिला नाही. १९१४ च्या उन्हाळ्यात महायुद्ध पेटले. कच्ची फिल्म, यंत्रे, प्रयोगशाळा, सर्व काही फ्रान्सकडून यावयाचे. मार्ग विस्कळीत झाले. रुमानिया १९१६ च्या ऑगस्टमध्ये युद्धात उतरला आणि डिसेंबरात बुखारेस्ट शत्रूच्या हाती पडले. राजधानी गेल्यावर नाट्यगृह काय आणि चित्रपट काय! संस्था हळूहळू निवत गेली. त्यातच आग लागून त्यांच्या संग्रहातील चित्रपट जळून गेले. त्या काळची फिल्म नायट्रेटची; ती कापसाच्या दारूची बहीण. एकदा पेटली की पाण्याने विझत नाही, हवा कोंडली तरी जळत राहते. ही आग आपोआप लागली नव्हती असाही प्रवाद रुमानियन चित्रपट-इतिहासात नोंदला गेला आहे. ज्याने दोन वर्षे आपली दौलत या फितींत ओतली त्याच्या मनाची त्या वेळची अवस्था वाचकांनी ताडावी. प्रवादावर आम्ही अधिक काही लिहीत नाही. पोपेस्कू या धक्क्यांतून सावरले नाहीत. १९१८ साली ते वारले. पुढच्याच वर्षी, १९१९ मध्ये, ग्रिगोरे ब्रेझ्यानूही गेले. त्यांनी वयाची तिशीदेखील गाठली नव्हती.

धनी गेला, कारभारी गेला, आणि मग नावाचा वाद उरला. 'रुमानियाचे स्वातंत्र्य' या चित्रपटाचे दिग्दर्शक म्हणून कित्येक वर्षे ब्रेझ्यानू यांचे नाव सांगितले जाई. पुढे संशोधकांनी तत्कालीन वृत्तपत्रे चाळली. त्यांत ब्रेझ्यानू यांचा उल्लेख या उद्योगाचे मूळ प्रवर्तक म्हणून आढळतो, दिग्दर्शक म्हणून नव्हे. दिग्दर्शनाचे श्रेय आता अरिस्तिदे देमेत्रियादे यांना देण्यात येते. आमच्या मते यात ब्रेझ्यानू यांचे काही उणे होत नाही. ज्याने कल्पना काढली, नट जमविले, सरकार वळविले, धनिक शोधला आणि काम तडीस नेले, त्याला आजच्या भाषेत निर्माता किंवा निर्मिती-व्यवस्थापक म्हणतात. त्या काळी या कामास प्रतिष्ठेचे नाव नव्हते, म्हणून लोकांनी त्याला हाताशी असलेले दुसरे नाव दिले. पोपेस्कू यांचेही तसेच. त्यांना कोणी निर्माता म्हणतात, कोणी नुसता धनको.

पुढील इतिहास थोडक्यात सांगतो. १९४८ साली रुमानियात चित्रपट-धंदा सरकारजमा झाला. बुखारेस्टजवळ बुफ्त्या येथे सरकारी चित्रनगरी उभी राहिली आणि ब्रेझ्यानू यांचे कारखान्याचे स्वप्न अशा तऱ्हेने, धनिकावाचून, पुरे झाले. निर्मिती-व्यवस्थापक हा आता सरकारी पगारदार झाला. युद्धपट निघाले तेव्हा पुन्हा लष्करच बोलाविण्यात आले; सर्जिऊ निकोलाएस्कू यांच्या १९६७ च्या 'दाचीई' आणि १९७१ च्या 'मिहाई व्हितेआझुल' या चित्रपटांतील सैन्ये पाहावी. १९८९ नंतर ती व्यवस्था मोडली आणि खाजगी निर्माता परत आला, आपल्या जुन्या विवंचनेसह.

१९१२ चा चित्रपट सुदैवाने आगीतून आणि युद्धातून वाचला. मूळ दोन तासांपैकी काही भाग गहाळ झाला आहे. उरलेला जपून ठेवला असून तो आजही पाहता येतो. राजा, पाशा, खंदक, धूर आणि ते हसरे शिपाई, सर्व जागच्या जागी आहेत.

त्या चित्रपटाच्या जन्मकथेवरच नाए कारानफिल या दिग्दर्शकाने एक चित्रपट लिहिला. त्याची पटकथा कित्येक वर्षे पैशावाचून पडून राहिली, यात विनोद आहे की शोकांतिका, हे आम्ही वाचकांवर सोपवितो. अखेर पैसा उभा राहिला आणि २००७ साली 'रेस्तुल ए ताचेरे' म्हणजे 'बाकी सारे मौन' या नावाने तो प्रदर्शित झाला. तोपर्यंतच्या अत्यंत खर्चिक रुमानियन चित्रपटांत त्याची गणना झाली. त्यात एक तरुण कल्पक दिग्दर्शक आहे आणि त्याला पैसा पुरविणारा एक लहरी, रांगडा, उदार आणि भागीदारास गिळून टाकणारा धनिक आहे. प्रेक्षकांना दोघांचाही राग येतो आणि दोघांचाही लळा लागतो. तरुणाचे नाव तेथे ग्रिग असे, मुळाशी मिळतेजुळते ठेवले आहे. धनिकाचे लेऑन हे नाव कायम आहे. आडनाव मात्र पोपेस्कू नाही, नेग्रेस्कू आहे.